पेटीत बंद राहिलेला चित्रपट

वाचकहो, एखाद्या जत्रेत किंवा देवीच्या जागरात संबळ कडाडू लागला असता गर्दीतील एखादी स्त्री अकस्मात घुमू लागते, तिचे केस सुटतात, आवाज पालटतो, आणि आतापर्यंत तिला नावाने हाक मारणारी मंडळी तिच्यापुढे नमस्कारासाठी वाकतात. हे दृश्य आपणांपैकी अनेकांनी पाहिले असेल. अशा वेळी पाहणाऱ्यांत सामान्यतः दोन तट पडतात. एक हात जोडतो. दुसरा हसतो किंवा संकोचाने मान फिरवितो. ह्या दोहोंहून निराळी अशी तिसरी एखादी दृष्टी असू शकेल काय? जे आपले नाही, जे आपल्या बुद्धीस सहजासहजी पटत नाही, ते हसण्यावारी न नेता आणि डोळे झाकून न स्वीकारताही पाहता येईल काय?

ह्या प्रश्नापायी एका चित्रपटकर्तीने आपल्या अल्प आयुष्यातील उमेदीची वर्षे वेचली. तिने समुद्रापार जाऊन हजारो फूट फिल्म टिपली. आणि ज्या चित्रपटासाठी हा सारा खटाटोप केला, तो चित्रपट मात्र तिने कधीच पुरा केला नाही. तिचे नाव माया डेरेन. तिच्या यशापेक्षा ह्या अपुऱ्या राहिलेल्या कामाचीच कथा आज आपणांस सांगावयाची आहे.

नाव धारण करण्यापूर्वी

माया हे त्यांचे जन्मनाव नव्हे. २९ एप्रिल १९१७ रोजी कीव्ह शहरी एका ज्यू कुटुंबात त्यांचा जन्म झाला, आणि त्यांचे नाव एलिओनोरा असे ठेवण्यात आले. वडील मानसरोगतज्ज्ञ होते. क्रांतीनंतरच्या धामधुमीत ज्यूंवर हल्ले होऊ लागले, तेव्हा १९२२ साली हे कुटुंब अमेरिकेस गेले व न्यूयॉर्क राज्यातील सिराक्यूज येथे स्थायिक झाले. मूळचे लांबलचक आडनाव तोडून तेथे त्याचे 'डेरेन' झाले. मुलीचे काही शिक्षण जिनीव्हा येथे आणि पुढचे अमेरिकेत झाले. १९३९ साली इंग्रजी साहित्यात एम. ए. होऊन ती बाहेर पडली, तेव्हा तिला काव्याचा छंद होता. चित्रपटाचा विचार तिच्या मनातही नव्हता.

चित्रपटाकडे नेणारी वाट नृत्यातून गेली. कॅथरीन डनहॅम ह्या विख्यात कृष्णवर्णीय नर्तकीच्या चिटणीस म्हणून डेरेनबाई काम करू लागल्या. डनहॅम ह्या केवळ नर्तकी नव्हत्या. मानववंशशास्त्राचा अभ्यास करून त्यांनी १९३५-३६ च्या सुमारास कॅरिबियन समुद्रातील हैती देशातील नृत्यांचे संशोधन केले होते. त्यांच्या सहवासात डेरेनबाईंना प्रथम कळले की, नृत्य हे जगातील अनेक समाजांत करमणूक नसून उपासना असते, आणि नाचता नाचता माणसाच्या अंगात देव येतो अशी तेथे श्रद्धा असते. ह्याच विषयावर त्यांनी १९४२ साली एक लेखही लिहिला. चित्रपटाचा कॅमेरा हाती येण्यापूर्वीच हे बीज पडले होते, ही गोष्ट ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

१९४२ साली त्यांनी अलेक्झांडर हमीद ह्या चेक चित्रपटकाराशी विवाह केला. पुढल्या वर्षी वडील वारले. त्यांच्या मागे आलेल्या पैशांतून बाईंनी सोळा मिलिमीटरचा एक जुना बोलेक्स कॅमेरा विकत घेतला. आणि त्याच वर्षी 'माया' हे नवे नाव धारण केले. जे दिसते ते सत्यच असते असे नाही, हे सुचविणारा आपल्या तत्त्वज्ञानातील हा शब्द पडद्यावर छायाप्रकाशाचा खेळ मांडणाऱ्या स्त्रीने स्वतःसाठी निवडावा, हा योग मराठी वाचकास कौतुकाचा वाटेल.

पडद्यावरील स्वप्न

१९४३ साली पतिपत्नींनी लॉस एंजेलिस येथील आपल्या राहत्या घरात 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' हा सुमारे चौदा मिनिटांचा मूकपट तयार केला. त्यात गोष्ट म्हणावी अशी गोष्ट नाही. एक फूल, एक किल्ली, एक सुरी, आणि चेहऱ्याच्या जागी आरसा असलेली काळ्या झग्यातील एक आकृती अशा गोष्टी पुनःपुन्हा येतात. दुपारी डोळा लागलेल्या स्त्रीस स्वप्न पडते, त्या स्वप्नात ती स्वतःलाच पाहते, आणि जागेपणा कोठे संपला हे प्रेक्षकास कळेनासे होते. प्रमुख भूमिका बाईंनी स्वतःच केली.

हॉलिवूडचा एक चित्रपट उभा करण्यास ज्या काळी लाखो डॉलर लागत, त्या काळी हे काम अगदी किरकोळ खर्चात झाले. हॉलिवूडला नट्यांच्या ओठांच्या लालीसाठी जेवढा पैसा लागतो, तेवढ्यात माझे चित्रपट होतात, असे बाई म्हणत असत. त्यापुढील छोट्या चित्रपटांत त्यांनी कॅमेऱ्याकडून अशी कामे करून घेतली की, जी रंगभूमीवर कदापि शक्य नाहीत. १९४५ च्या एका चित्रपटात टॅली बीटी हा नर्तक रानात पाय उचलतो आणि तो पाय टेकतो तो एका घरातील खोलीत! मधले अंतर चित्रपटाच्या जोडणीने गिळून टाकले आहे. स्थळ आणि काळ ह्यांची बंधने तोडून मनाचा व्यापार दाखविणे, हेच चित्रपटाचे खरे कार्य होय, असा त्यांचा सिद्धांत होता.

असे चित्रपट कोणते चित्रपटगृह लावणार? तेव्हा बाईंनी १९४६ साली न्यूयॉर्कमधील प्रॉव्हिन्सटाउन प्लेहाउस हे लहानसे नाट्यगृह भाड्याने घेऊन स्वतःच खेळ लावले. ते पाहून स्फूर्ती घेतलेल्या एमॉस व्होगेल ह्यांनी पुढल्याच वर्षी 'सिनेमा १६' ही चित्रपट-संस्था काढली. १९४७ साली कान येथील महोत्सवात प्रायोगिक चित्रपटाचे पारितोषिक बाईंना मिळाले. त्याआधी, १९४६ मध्ये, गुगेनहाइम शिष्यवृत्ती त्यांना लाभली होती. चित्रपटातील सर्जनशील कार्यासाठी ही शिष्यवृत्ती प्रथमच दिली जात होती.

ह्या शिष्यवृत्तीच्या बळावर त्यांनी एक महत्त्वाकांक्षी योजना आखली. हैतीमधील विधिनृत्ये, बाली बेटावरील समाधिनृत्ये आणि मुलांचे साधे खेळ ह्या तिहींना एकाच चित्रपटात गुंफून, माणूस विधी का करतो ह्याचा शोध घ्यावयाचा. बालीचे चित्रण ग्रेगरी बेटसन व मार्गारेट मीड ह्या शास्त्रज्ञांनी पूर्वीच केले होते व बेटसन ह्यांचे त्यांना साहाय्य होते. उरले होते ते हैती. १९४७ च्या सप्टेंबरात कॅमेरा, ध्वनिमुद्रणाचे यंत्र आणि फिल्मची रिळे घेऊन बाई त्या बेटावर उतरल्या.

बदनाम झालेला एक धर्म

हैतीचा इतिहास थोडक्यात ध्यानी घेतल्याखेरीज पुढील कथा उमगणार नाही. फ्रेंचांच्या ह्या वसाहतीत उसाच्या मळ्यांवर राबण्यासाठी आफ्रिकेतून लाखो माणसे गुलाम म्हणून आणली गेली. दाहोमे, काँगो अशा निरनिराळ्या प्रदेशांतील ह्या लोकांची भाषा एक नव्हती, देव एक नव्हते. एक होते ते दुःख. त्या दुःखात त्यांनी आपापल्या देवतांचे जे एकत्र कुटुंब उभारले, तेच वोदू. मालकांनी लादलेल्या ख्रिस्ती संतांच्या तसबिरींआड त्यांनी आपले देव लपविले. अशा रीतीने सापांसहित चित्रित केलेल्या संत पॅट्रिकच्या तसबिरीत त्यांचा नागदेव दांबाला वसू लागला. १७९१ च्या ऑगस्ट महिन्यात गुलामांनी बंड पुकारले. त्याचा संकल्प एका वोदू विधीच्या प्रसंगी सोडला गेला अशी तेथील परंपरा सांगते. १ जानेवारी १८०४ रोजी हैती स्वतंत्र झाले. गुलामांनी स्वतः लढून मिळविलेले जगातील हे पहिले राष्ट्र होय.

परंतु बाहेरच्या जगाने ह्या धर्माची ओळख करून घेतली ती जादूटोणा आणि चालते मुडदे ह्यांच्या गोष्टींतून. अमेरिकेने १९१५ ते १९३४ ह्या काळात हैती व्यापले असता अशा गोष्टींना ऊत आला, आणि १९३२ च्या 'व्हाइट झोंबी' पासून हॉलिवूडने त्यांचा धंदा केला. ज्यांच्या आजोबा-पणजोबांना मरेपर्यंत दुसऱ्यासाठी राबावे लागले, त्यांच्या मनात 'मेल्यावरही कोणी राबवील' ह्या भयाने घर केले असेल, हे मात्र कोणाच्या ध्यानी आले नाही. खुद्द हैतीतही सुशिक्षितांस वोदूची लाज वाटे. १९४१-४२ मध्ये चर्चने सरकारच्या मदतीने जी मोहीम काढली, तीत देवळे पाडली गेली व ढोल जाळले गेले. डेरेनबाई तेथे गेल्या तेव्हा ह्या जखमा ताज्या होत्या.

देवांचे घोडे

ह्या पार्श्वभूमीवर एका गोऱ्या, परदेशी बाईस विधीच्या अंगणात प्रवेश मिळणे सोपे नव्हते. पण त्या घाई न करता राहिल्या, क्रिओल भाषेत बोलल्या, सांगितलेली कामे केली. १९४७ पासून पुढील काही वर्षांत त्या पुनःपुन्हा तेथे गेल्या, आणि हळूहळू पाहुणीची घरची झाली.

त्यांनी काय पाहिले? मध्ये एक खांब असलेला मंडप. देव ह्याच खांबावरून उतरतात अशी समजूत. 'हुंगान' म्हणजे पुजारी किंवा 'मांबो' म्हणजे पुजारीण चिमटीतून मक्याचे पीठ सोडीत जमिनीवर देवतेचे चिन्ह रेखते. ह्या चिन्हास 'वेवे' म्हणतात. आपल्याकडील गृहिणी अंगणात रांगोळी घालते ती ह्याच हाताने आणि ह्याच चिमटीने. आणि रांगोळीप्रमाणेच ही सुंदर आकृतीही काही वेळातच नाचणाऱ्यांच्या पायांखाली पुसून जाते. प्रथम आवाहन लेग्बाचे, कारण तो वाटांच्या फाट्यावरचा द्वारपाल आहे; त्याने दार उघडल्याखेरीज दुसरा देव येऊ शकत नाही. मग तीन ढोल सुरू होतात. त्यांतील सर्वांत मोठा ढोल मध्येच ठेका मोडतो. नाचणाऱ्याचा तोल त्या क्षणी सुटतो, आणि ह्याच फटीतून देव आत शिरतो असे मानतात.

देव ज्याच्या अंगात येतो त्यास तेथे 'घोडा' म्हणतात व देवास स्वार. आपल्याकडे अशा माणसास 'झाड' म्हणण्याची चाल आहे. कोठे घोडा, कोठे झाड. कल्पना एकच की, वाहणारा निराळा आणि वाहिला जाणारा निराळा. स्वार कोण हे त्याच्या वागण्यावरून ओळखावयाचे. मृत्यूचा देव गेदे आला तर काळी टोपी, काळा चष्मा आणि वाह्यात विनोद. तो जहाल मिरच्या घातलेली दारू पापणी न लववता पितो. योद्धा ओगू हाती शस्त्र घेतो. समुद्राच्या आग्वेसाठी नैवेद्याने भरलेला तराफा लाटांवर सोडून देतात. नारळी पौर्णिमेस दर्यास नारळ वाहणाऱ्या कोळी बांधवांस ह्यात परके असे फारसे काही वाटणार नाही. आणि एर्झुली ही प्रेमाची देवी! ती आली की साबण, कंगवा, अत्तर व दागिने आणावे लागतात. अठराविसे दारिद्र्य असलेल्या गावात ती घटकाभर थाटामाटाने वावरते, सर्वांशी गोड बोलते, आणि अखेरीस हमसून हमसून रडू लागते. तिला हवे असलेले पूर्ण प्रेम ह्या जगात नाही, म्हणून.

बाईंच्या ध्यानात आले की, येथे कोणीही मनाला येईल तसे वागत नाही. प्रत्येक देवतेचा स्वभाव, रंग, ठेका, अन्न ठरलेले आहे. ज्याला आपण बेभान होणे म्हणतो, तेथेही एक शिस्त आहे. आणि देव येतो तो त्या एका माणसाच्या सुखासाठी नव्हे, तर साऱ्या समुदायास सल्ला, धीर व प्रसंगी चार कडू शब्द ऐकविण्यासाठी येतो.

कॅमेरा कोठे थिटा पडला

बोलेक्स हा चावीवर चालणारा कॅमेरा होता. एकदा चावी दिली की नेहमीच्या वेगाने तो जेमतेम अर्धा मिनिट चाले. शंभर फुटांचे एक रीळ तीन मिनिटांच्या आत संपे. आणि वोदूचा विधी तर रात्रभर, कधी कित्येक दिवस चालावयाचा! चावी देता देता देव यावा आणि रीळ बदलता बदलता निघून जावा, असे तेथे कितीदा तरी घडले असेल. तरीही बाईंनी सुमारे १८,००० फूट चित्रण केले. नेहमीच्या वेगाने ते दाखवावयाचे म्हटल्यास आठ तासांहून अधिक वेळ लागेल. ढोलांचे व गाण्यांचे ध्वनिमुद्रण त्यांनी त्या काळच्या पद्धतीप्रमाणे बारीक तारेवर केले.

खरी अडचण मात्र यंत्राची नव्हती. रानात उचललेला पाय खोलीत टेकविणारी ही कलावती. तुकडे करणे आणि ते आपल्या इच्छेप्रमाणे जोडणे हेच तिचे सामर्थ्य. पण येथे प्रत्येक तुकड्याची जागा आधीच ठरलेली होती. लेग्बाच्या आधी एर्झुलीस आणता येत नव्हते. ढोल, पीठ, नैवेद्य, नृत्य ही एकमेकांत अशी गुंतलेली की, केवळ नृत्य सुंदर दिसते म्हणून ते वेगळे काढले तर त्याचा अर्थच जावा. आपण कलावंत म्हणून सामग्री गोळा करावयास आलो होतो. परंतु ह्या सामग्रीस स्वतःचे सत्य आहे आणि त्यापुढे आपली कलाकुसर बाजूस ठेविली पाहिजे, अशी कबुली त्यांनी पुढे आपल्या ग्रंथाच्या प्रारंभी दिली. ह्या कबुलीस त्यांनी पराभव असेच म्हटले आहे. चित्रपट आपल्या घरी कपाटातील अग्निरोधक पेटीत तसाच पडून आहे, हेही तेथेच नोंदविले.

जे पडद्यावर मांडता आले नाही, ते त्यांनी शब्दांत मांडले. पुराणकथांचे अभ्यासक जोसेफ कॅम्बेल ह्यांच्या आग्रहाने लिहिलेला आणि त्यांचीच प्रस्तावना लाभलेला हा ग्रंथ १९५३ साली प्रसिद्ध झाला. 'डिव्हाइन हॉर्समेन', म्हणजे 'दैवी घोडेस्वार', असे त्याचे नाव. त्याचे शेवटचे प्रकरण विलक्षण आहे. एका रात्री ढोल चालू असता लेखिकेचा एक पाय जमिनीस खिळल्यासारखा झाला, आणि पायातून वर चढत आलेल्या एका पांढऱ्या अंधाराने तिला गिळून टाकले, असे तीत वर्णन आहे. स्वार एर्झुली होती. ह्या अनुभवाचा अर्थ लावण्यास प्रत्येक वाचक मोकळा आहे. कोणी त्यास मनाचा खेळ म्हणेल, कोणी तालाचा परिणाम. वैद्यकाच्या भाषेतही त्याचे विवरण करता येईल. लेखिका तुम्ही विश्वास ठेवा असा आग्रह धरीत नाही. ती एवढेच सांगते की, मी काठावरून पाहत होते. पण काठ मला राहू देईना.

पेटी उघडते

पुढील वर्षे ओढगस्तीची गेली. चित्रपट पुरा करण्यासाठी पुरेसा पैसाही मिळाला नाही आणि जोडणीचे कोडेही सुटले नाही. १३ ऑक्टोबर १९६१ रोजी मेंदूतील रक्तस्रावाने न्यूयॉर्क येथे माया डेरेन निवर्तल्या. त्यांचे वय अवघे ४४ वर्षांचे होते. त्यांचे पती, संगीतकार तेईजी इतो, ह्यांनी हे चित्रण जपले. १९८२ साली इतोही हैतीतच वारले. अखेर इतो व त्यांच्या नंतरच्या पत्नी शेरेल ह्यांच्या परिश्रमांतून १९८५ मध्ये सुमारे ५२ मिनिटांचा चित्रपट बाहेर आला. ग्रंथातील उतारे निवेदन म्हणून त्यात योजिले आहेत. बाईंनी असे निवेदन कधीच घातले नसते, असा आक्षेप काही अभ्यासकांनी घेतला आहे व तो अगदीच अनाठायी नाही. पण त्यामुळेच सागरात सोडलेला आग्वेचा तराफा आणि मंदगतीने नाचणारी ती माणसे जगास पाहावयास मिळाली, हेही खरे. त्यांच्या पहिल्या चित्रपटाची कीर्ती तर वाढतच गेली. २०२२ साली 'साइट अँड साउंड' ह्या ब्रिटिश नियतकालिकाने समीक्षकांचा कौल घेतला, तेव्हा जगातील सर्वोत्तम चित्रपटांत 'मेशेस' चा क्रमांक सोळावा लागला.

हैतीत मात्र काळ संथपणे पालटला. वोदूविरुद्धचे कायदे १९८७ च्या राज्यघटनेने दूर केले आणि २००३ साली सरकारने त्यास धर्म म्हणून मान्यता दिली. तथापि २०१० साली तेथे पटकीची साथ पसरली, तेव्हा ती वोदूच्या पुजाऱ्यांनीच आणली अशा संशयाने जमावांनी चाळीसहून अधिक जणांचे प्राण घेतले. रोग खरोखर आला होता तो बाहेरून आलेल्या शांतिसैनिकांच्या छावणीतून. न पाहता केलेला तिरस्कार किती महाग पडतो, ह्याचे ह्याहून विदारक उदाहरण कोणते द्यावे?

वाचकहो, श्रद्धेच्या नावाखाली जेथे दुबळ्यांची लूट वा छळ होतो, तेथे बुद्धीने व कायद्याने आडवे आलेच पाहिजे. ह्याविषयी दुमत नाही. परंतु आडवे येण्यापूर्वी नीट पाहणे हेही बुद्धीचेच काम आहे. जिच्या हाती कॅमेरा होता, कात्री होती, आणि हवे तसे चित्र रंगविण्याची मुभा होती, तिने कात्री खाली ठेविली. आपला चित्रपट अपुरा राहिला तरी चालेल, पण त्या माणसांचे सत्य कापले जाऊ नये, असे तिला वाटले. पुढल्या खेपेस जत्रेत संबळ कडाडेल आणि गर्दीतून कोणी घुमू लागेल, तेव्हा हात जोडण्याची किंवा हसण्याची घाई न करता क्षणभर थांबून पाहावे. ती बाई कोण आहे, तिच्या घरी काय चालले आहे, आणि एरवी जिचे कोणी ऐकत नाही तिचे आज सारे गाव का ऐकत आहे, एवढे तरी आपण स्वतःस विचारावे.